वन्सं एकदाच विचारायच्या

नणंद या नात्याची अब्रू सबंध मराठी मुलखात कुणी एकटीनं राखली असेल, तर ती आमच्या घरमालकिणीच्या नणंदेनं. ओव्यांपासून भोंडल्याच्या गाण्यांपर्यंत नणंदेच्या वाट्याला जेवढे शिव्याशाप आले आहेत तेवढे खाष्ट सासूलाही आले नसतील. पण बोईसरला तारापूरच्या रस्त्यावर, गवताच्या वखारीला टेकून उभ्या असलेल्या आमच्या सात खोल्यांच्या चाळीत एखादी सून रडत बसली की तिला 'जा, वन्संकडे जाऊन बस' असंच सांगितलं जायचं. मालकीणबाई ठाण्याच्या, त्यामुळे 'वन्सं' हा शब्द त्या माहेराहून घेऊन आल्या होत्या. त्यांचं ऐकून भाडेकरणी म्हणू लागल्या, भाडेकरणींचं ऐकून दूधवाला आणि पोस्टमन म्हणू लागले, आणि तारापूरच्या अणुवीज प्रकल्पावरचा एक पंजाबी फोरमन तर ते त्यांचं पाळण्यातलं नाव समजून रोज सकाळी 'वन्संजी, नमस्ते' करायचा. अशा रीतीनं कुणाची आई नाही, कुणाची सासू नाही, पण अख्ख्या वस्तीची नणंद, असा त्यांचा हुद्दा ठरला. त्यांना तो पसंत होता. "आई म्हनलं की रांधायला लागतं, सासू म्हनलं की भांडायला लागतं. नणंद बरी, ती नुसती बसून ऱ्हाते," असं त्या म्हणायच्या.

आणि बसायच्या त्या खुर्चीवर. ओसरीत हातांची एक लाकडी खुर्ची होती, ती मूळ त्यांच्या भावाची, म्हणजे आमच्या घरमालकांची. पण वन्सं तिच्यात बसू लागल्यापासून मालक झोपाळ्यावर बसायला शिकले. पन्नाशीच्या आसपासची बाई, ठेंगणी, नऊवारी लुगडं, एक काडी दोऱ्यानं बांधलेला चष्मा, कपाळावर रुपयाएवढं कुंकू. नवऱ्याशी त्यांचा वीस-बावीस वर्षांत संबंध नव्हता, म्हणून कुणी त्या कुंकवाकडे जास्त वेळ पाहिलं तर त्या आपणहून खुलासा करायच्या, "कपाळ माझं हाय, कुंकू मी इकत आनते." सरपंच आले, प्रकल्पावरचे साहेब आले, तरी त्या खुर्चीतून उठायच्या नाहीत. उद्धटपणानं नव्हे. "बसा ना तुमी बी, झोपाळा मोठा हाय," असं अगदी मायेनं म्हणायच्या, आणि मग सरपंचांना मालकांशेजारी झोपाळ्यावर बसून पाय हलवत बोलावं लागायचं.

पण हे सगळं वरवरचं. वन्संचा खरा विक्षिप्तपणा मला बोईसरला पाऊल टाकल्यानंतर पहिल्या दहा मिनिटांत कळला. पासष्ट-सहासष्ट साल असेल. अणुवीज केंद्राचं बांधकाम जोरात चाललं होतं, आमचे हे तिथं ओव्हरसियर म्हणून लागले होते आणि लग्नाला चार महिने झाल्यावर मी यांच्याबरोबर कराडहून एक दिवस आणि एक रात्र प्रवास करून, दोन ट्रंका, एक वळकटी आणि सासूबाईंनी दिलेली ज्वारी घेऊन या चाळीत उतरले. घसा कोरडा पडला होता. आता, आमच्या कराडकडे विचारण्याचा एक ताल असतो. यजमानानं पहिल्यांदा विचारलं की 'नको' म्हणायचं, ते रीत म्हणून. दुसऱ्यांदा विचारलं की पुन्हा 'नको', ते घराण्याचं वळण दिसावं म्हणून. तिसऱ्यांदा विचारलं की 'बरं, अर्धाच कप', ते तहान लागलेली असते म्हणून. वन्संनी खुर्चीतून विचारलं, "चाय घेनार?" मी म्हटलं, "नको, कशाला त्रास." यांनीही 'नको' अशीच मान हलवली. वन्सं म्हणाल्या, "बरं," आणि आत जाऊन स्वतःपुरता चहा करून आणला. बशीत ओतून, फुंकर घालून, आमच्या देखत प्यायला. पीत असताना पाणी कुठं येतं, रॉकेल कुठं मिळतं, कुठला भाडेकरू घोरतो, ही सगळी माहिती दिली. मी त्या बशीकडे बघत होते. शेवटचा घोट गेला तेव्हा माझ्या डोळ्यांत पाणी आलं, आणि वन्संना वाटलं की मला माहेरची आठवण झाली.

वन्सं कुणालाही, काहीही, एकदाच विचारायच्या. 'हो' म्हटलं की मिळायचं, 'नको' म्हटलं की नाही. आग्रह हा प्रकार त्यांच्या कोशात नव्हता आणि तो नव्हता याचा त्यांना अभिमान होता. "बाईला इचारायचं आनि तिनं सांगितल्यावर परत इचारायचं म्हंजे पयलं आयकलंच नाय असं झालं. आयकायचं नसंल तर इचारायचं कशाला?" हा त्यांचा सिद्धांत. तो ऐकायला ठीक होता, पण त्याच्यापायी त्यांच्या भावजयीला, म्हणजे मालकीणबाईंना, जे सोसावं लागलं त्याला हिशेब नाही. मालकांच्या मुलीचं लग्न ठरवायला सफाळ्याचे व्याही आले होते. गृहस्थ देहानं भरभक्कम. पंगतीत जिलबी वाढायला वन्सं. व्याह्यांनी दोन जिलब्या पानात पडल्यावर रिवाजाप्रमाणे ताटावर दोन्ही हात आडवे धरले आणि 'पुरे, पुरे' म्हणत मान वळवली, म्हणजे आता वाढणाऱ्यानं हाताच्या फटीतून चार जिलब्या सोडाव्यात. वन्सं पुढच्या पानावर गेल्या. व्याह्यांनी हात तसेच धरून थोडा वेळ वाट पाहिली. मग एक बोट उचलून पाहिलं. खाली दोनच होत्या. लग्न मोडता मोडता राहिलं. पण पुढच्या खेपेला हेच व्याही पानावर बसताक्षणी मोठ्यानं म्हणाले, "वन्सं, इकडे आठ." आणि आठ खाल्ल्यावर आणखी सहा मागून घेतल्या. जाताना मालकांना म्हणाले, "तुमच्याकडे जेवलं की पोट भरतं. बाकी सगळीकडे अर्धा वेळ लाजण्यात जातो." त्यांना वन्संचा स्वभाव लागू पडला. सगळ्यांना पडायचा नाही.

संक्रांतीच्या हळदीकुंकवाला तर त्यांनी हाहाकार उडवला. बायका जमल्या, वाणं लुटून झाली, आणि उखाण्यांची वेळ झाली. नाव घ्यायला सांगितलं की 'इश्श, नको बाई' म्हणायचं, मग सगळ्यांनी गळ घालायची, मग पदर सावरून घ्यायचं, हे काय कुणाला शिकवावं लागतं? पण त्या वर्षी विचारायचं काम वन्संकडे गेलं. पहिली म्हणाली, "इश्श, मला नाही येत." वन्सं म्हणाल्या, "हिला नाय येत. पुढची." दुसरी म्हणाली, "नको ना." "हिला नको. पुढची." असं करत अकरा बायका त्यांनी पाच मिनिटांत निकालात काढल्या आणि एकाही नवऱ्याचं नाव घेतलं गेलं नाही. चार नंबरच्या खोलीतल्या कुलकर्णीबाईंनी तर कारखाना, वीज आणि रावांचं नाव अशी मोठी जुळणी करून आठ दिवस पाठांतर केलं होतं. त्या तशाच तिळगूळ घेऊन घरी गेल्या आणि उशीत तोंड खुपसून रडल्या. दुसऱ्या दिवशी सकाळी दहा वाजता मात्र त्या तरातरा ओसरीवर आल्या, खुर्चीसमोर उभ्या राहिल्या आणि कुणी विचारलेलं नसताना, न थांबता, पूर्ण उखाणा म्हणाल्या. वन्संनी शांतपणे ऐकला. "झ्याक हाय," म्हणाल्या, आणि आतून साखर आणून त्यांच्या हातावर ठेवली. कुलकर्णीबाई पुढं कित्येक दिवस त्या साखरेचं कौतुक सांगत होत्या.

हे सगळं मी आज हसून सांगते, पण याच्या मुळाशी काय होतं ते मला मालकीणबाईंनी एका दुपारी तांदूळ निवडता निवडता सांगितलं. वन्संना चिंचणीला दिलं होतं. सोन्याच्या दागिन्यांचे डाय, म्हणजे ठसे, कोरणारं घर, खाऊन पिऊन सुखी, नवराही स्वभावानं गरीब. अकरा वर्षं मूल झालं नाही तेव्हा घरच्यांनी दुसरी करायचं ठरवलं. त्या काळी ते चालायचं. पण माणसं सभ्य होती, म्हणून सगळे वडीलधारे जमले आणि सुनेला समोर बोलावून रीतसर विचारलं, "आनू ना गं दुसरी?" ती म्हणाली, "नको." सगळ्यांना बरं वाटलं. सासरा म्हणाला, "शहानी हाय. बाईमानसानं आधी नकोच म्हनायचं." पुन्हा विचारलं. पुन्हा ती म्हणाली, "नको." तिसऱ्यांदा विचारलं तेव्हा तिनं मान वर करून, डोळ्यांत बघून सांगितलं, "नको." मग सासूनं तिच्या तोंडात गूळ घातला आणि पुरुषांनी तारीख काढली. लग्नाच्या आदल्या दिवशी वन्सं एक ट्रंक डोक्यावर घेऊन चिंचणीहून बोईसरपर्यंत चालत आल्या. भावानं दार उघडलं, ट्रंक पाहिली आणि विचारलं, "ऱ्हानार?" त्या म्हणाल्या, "हो." भावानं दुसरा प्रश्न विचारला नाही, म्हणून जन्मभर त्या भावाला त्यांनी देवासारखं मानलं, फक्त त्याची खुर्ची तेवढी घेतली.

स्त्रीमुक्ती हा शब्द तेव्हा बोईसर स्टेशनावर उतरलेला नव्हता. महिला मंडळ मात्र होतं. पालघरहून मुख्यसेविका बाई महिन्यातून एकदा यायच्या, बिनधुराची चूल आणि पोषक आहार यांवर बोलायच्या आणि जायच्या. वन्सं अध्यक्ष झाल्या आणि मंडळानं पहिलाच ठराव केला तो गरम भाकरीचा. झालं असं, की त्यांनी सभेत विचारलं, "तव्यावरची पयली गरम भाकरी शेवटी कधी खाल्ली, सांगा." कुणाला आठवेना. सासरची माणसं, मुलं, मग राहिलेली गार भाकरी आपली, असंच सगळ्यांचं. कुणी म्हणालं बाळंतपणात खाल्ली, कुणी म्हणालं लहानपणी. ठराव झाला की दर गुरुवारी प्रत्येकीनं पहिली भाकरी आपण खायची. पुढच्या सभेत चौकशी झाली तेव्हा निष्पन्न असं झालं, की एकीनं पहिली भाकरी काढून ठेवली आणि सगळ्यांचं झाल्यावर गार करून खाल्ली, दुसरीला घास उतरेना म्हणून तिनं गाईला घातली, आणि मी माझी यांच्या पानात वाढून मोकळी झाले. वन्संनी कुणालाही बोल लावला नाही. पुढच्या गुरुवारपासून दुपारी वखारीच्या अंगणात चूल मांडली, स्वतः तांदळाच्या भाकऱ्या थापल्या, आणि एकेकीला विचारलं, "देऊ?" अर्थात एकदाच. पहिल्या आठवड्यात निम्म्या बायका सवयीनं 'नको' म्हणून उपाशी घरी गेल्या. चौथ्या आठवड्यात एकीचाही 'नको' आला नाही. मला आठवतं, मी 'हो' म्हटलं तेव्हा माझा आवाज मलाच मोठा वाटला होता. त्या वर्षभरात मी चहाला हो म्हणायला शिकले, साखरेला हो म्हणायला शिकले, दुसऱ्या भाकरीलासुद्धा शिकले. मला वाटलं, मी शिकले.

वखार पावसाळ्यात रिकामी असायची. मुंबईच्या तबेल्यांना जाणारं गवत दिवाळीनंतर यायचं, तोवर आत नुसता वास आणि उंदीर. वन्संनी भावाला विचारून तिथं बालवाडी काढली, गवत आलं की ती ओसरीवर भरवायची असं ठरवलं, आणि मला म्हणाल्या, "शिकवनार?" मी 'हो' म्हटलं, कारण तोवर गरम भाकरीचा सराव झाला होता. मी मॅट्रिक झालेली होते, आणि मला शाळा इतकी आवडायची की लग्न ठरलं तेव्हा मी पुस्तकं ट्रंकेत तळाशी घालून आणली होती. प्रकल्पावरच्या कामगारांची मुलं यायची. कुणी तेलुगू, कुणी गुजराती, कुणी बिहारी, दोन-तीन कोळ्यांची. मला त्यांची भाषा येत नव्हती, त्यांना माझी. गाणी म्हणत, चिंचोके मोजत, एकमेकांची नाकं पुसत आमचं चालायचं. अडीच तास. ते अडीच तास संपूच नयेत असं मला वाटायचं. घरी येऊन भात टाकताना मी उद्या काय शिकवायचं ते मनात मांडत असे, आणि भात करपत असे. इतका आनंद मला त्याआधी झाला नव्हता, आणि खरं सांगायचं तर त्यानंतरही नाही.

दुसऱ्या वर्षी पालघरहून पत्र आलं. मंडळानं एक बाई वर्षभराच्या बालवाडी प्रशिक्षणाला पाठवावी, राहण्याजेवण्याची सोय होईल, परत आल्यावर पगारी नेमणूक. पत्र वन्संनी मलाच वाचायला दिलं, त्यांचा चष्मा अपुरा पडायचा म्हणून. मी ते एकदा मोठ्यानं वाचलं आणि एकदा मनात. आठ दिवसांनी सभेत नाव ठरायचं होतं, मुख्यसेविका बाई स्वतः येणार होत्या. त्या आठ दिवसांत मी काय काय केलं सांगू? दोन साड्यांना फॉल लावले. ट्रंकेतली पुस्तकं उन्हात टाकली. सकाळी चहा पिताना यांना सांगितलं. हे म्हणाले, "वर्षभर म्हणजे मला हातानं करून खावं लागेल. आईला काय कळवायचं तेही बघावं लागेल. पण बघू आपण. तुझं तू ठरव." अशी परवानगी त्या काळात किती जणींना मिळत होती? माझ्या वाटेत सासू नव्हती, नवरा नव्हता, मूल नव्हतं. पुढं अनेक वर्षं मी वाटेत कुणीतरी असायला हवं होतं म्हणून शोधत राहिले, म्हणजे त्याच्यावर ढकलता आलं असतं.

सभा वखारीत होती, भर दुपारी. वीस-पंचवीस बायका, समोर मुख्यसेविका बाई फाईल घेऊन, आणि त्या दिवशी मुद्दाम उचलून आणलेल्या खुर्चीत वन्सं, हातात पेन. पत्राचा मजकूर सांगून झाला. सगळ्या माझ्याकडे बघू लागल्या, कारण नाव माझंच होतं हे सगळ्यांना ठाऊक होतं. वन्संनी चष्म्यावरून पाहिलं आणि विचारलं, "तू जानार?" आणि माझ्या तोंडून निघालं, "नको. मला कुठं जमणार एवढं."

मी ते म्हणायचं ठरवलं नव्हतं. चहाची गोष्ट निराळी, भाकरीची निराळी. पण इतकी मोठी वस्तू चारचौघींत पुढं आली, पाहुणीबाई समोर बसलेल्या, आणि पहिल्याच फटक्यात हात पुढं करायचा हे माझ्या हाडांना माहीत नव्हतं. हावरट दिसलं असतं. आमच्या घरात हावरट दिसण्यासारखं दुसरं पाप नव्हतं. शब्द बाहेर पडला आणि वन्सं एकदाच विचारतात हे मला त्या क्षणी आठवलं. वन्संनी पेन कागदाला टेकवलं होतं, ते उचललं आणि मांडीवर ठेवलं. मग, ज्या बाईनं भरल्या पंगतीत व्याह्यांना उपाशी ठेवलं पण नियम मोडला नाही, ती बाई सगळ्यांदेखत म्हणाली, "परत इचारते. तू जानार?"

मला काय आनंद झाला म्हणून सांगू. जग पुन्हा माझ्या ओळखीचं झालं. वन्संसुद्धा शेवटी आमच्यासारख्याच, त्यांनाही आग्रह करता येतो, आता सगळं रीतीनं होणार. मी पदर सावरला, खाली पाहिलं आणि अगदी सुखानं, थोडंसं हसूनही, म्हटलं, "नको हो वन्सं, दुसऱ्या कुणाला तरी पाठवा." दुसरा नकार होता तो. घराण्याचं वळण दिसावं म्हणून द्यायचा तो. आणि मी तिसऱ्या विचारण्याची वाट पाहत बसले. ओठांवर 'बरं' तयार होतं.

वन्सं बराच वेळ माझ्याकडे बघत असाव्यात, माझी मान खालीच होती. मग त्यांनी पेन उचललं. "बरं," त्या म्हणाल्या. "आनखी कोन?"

दाराजवळ इथल्याच किनाऱ्यावरच्या नवापूरची जना उकिडवी बसली होती. मासळी विकायला रोज बोईसरच्या बाजारात यायची, टोपली रिकामी झाली की मंडळात येऊन बसायची. सातवी पास, नवरा होडीवरून समुद्रात पडून गेलेला, पदरात एक मुलगी. ती बसल्या जागेवरून म्हणाली, "मी जाते. माझी आय पोरीला बघंल. माझं नाव लिवा." वन्संनी लिहिलं. मुख्यसेविका बाईंनी फाईलमध्ये लिहिलं. मी हात वर करायला हवा होता, नाही का? ओरडायला हवं होतं. माझा हात पदराखाली होता, तो तिथंच राहिला, आणि सगळ्यांबरोबर मी टाळ्या वाजवायला तो बाहेर काढला.

घरी आल्यावर यांनी विचारलं, "काय झालं?" मी सांगितलं. "मग तू नको का म्हणालीस?" मी म्हटलं, "मला वाटलं त्या पुन्हा विचारतील." यावर दुसऱ्या कुठल्याही गावचा माणूस हसला असता. हे हसले नाहीत. मान खाली घालून बसले. ते कराडचेच होते.

जनाचा अर्ज मीच लिहून दिला. फॉल लावलेल्या दोन साड्यांतली एक तिला दिली, ती तिनं पहिल्याच विचारण्याला घेतली. वर्षानं ती परत आली ती वेणी घट्ट घालून, हातात घड्याळ बांधून, आणि वखारीतली माझी मुलं तिची झाली. ती माझ्यापेक्षा चांगली शिकवायची, हे मी खिडकीतून बघितलेलं आहे. माझ्या कडेवर तेव्हा पहिली मुलगी होती. मी जनाचा हेवा केला, पण तिचा राग कधी आला नाही; तिनं माझं काही घेतलं नव्हतं. मी ठेवलेलं होतं ते तिनं उचललं. वन्संशी मात्र मी त्या सभेविषयी पुढं अवाक्षर काढलं नाही, आणि त्यांनीही नाही. चहा विचारायच्या, मी 'हो' म्हणायची, एवढंच.

वीज केंद्र सुरू झालं आणि आमची बदली निघाली. सामान टेंपोत चढलं होतं. मी पाया पडायला ओसरीवर गेले आणि दीड वर्षं तोंडात धरलेलं शेवटी बोलले. म्हटलं, "वन्सं, त्या दिवशी तिसऱ्यांदा विचारलं असतंत तर मी 'हो' म्हणणार होते."

"म्हाईत व्हतं," वन्सं म्हणाल्या.

त्यांनी चष्मा काढला, काडीचा दोरा उगाच सैल करून पुन्हा बांधला. म्हणाल्या, "दोनदा इचारलं तेच मी चुकले. तुझ्यासाटी चुकले. पन तिसऱ्यांदा इचारून तू गेली असतीस ना पोरी, तर ते माझं 'हो' झालं असतं. उद्या सासू बोलली, तिकडं करमलं नाय, तर तू म्हनली असतीस, वन्संनी पाठवलं. मला तुझं पायजे व्हतं." मग दुसरीकडे बघत म्हणाल्या, "मी बी लय वाट बघितली. तू वर बघशील म्हनून." टेंपोवाल्यानं हाक मारली. वन्संनी मला जवळ घेतलं, ते मात्र न विचारता.

त्यानंतर आम्ही पाच गावं बदलली. घर चांगलं चाललं, मुलं मार्गी लागली, वाईट काही झालं नाही. पुढं शहरांत बायकांच्या सभा होऊ लागल्या, तिथंही मी जाऊन बसले. व्यासपीठावरून शिकलेल्या बायका सांगायच्या की बाईचं 'नाही' हे 'नाही'च धरलं पाहिजे, तिच्या वतीनं दुसऱ्या कुणी ठरवता कामा नये. मी टाळ्या वाजवायची. हे मी बोईसरला एका खुर्चीतून आधीच ऐकलं होतं. वन्संचं बरोबर होतं, याबद्दल माझ्या मनात कधी शंका आली नाही. माझ्या मुलींना मी तेच शिकवलं, आणि त्या पहिल्या वेळीच 'हो' म्हणतात.

पण दुपारच्या वेळी कुठंतरी लहान मुलं एका सुरात पाढे म्हणत असली की माझं मन त्या गवताच्या वासात जाऊन बसतं, आणि मला वन्संशी भांडावंसं वाटतं. तिसऱ्यांदा विचारलं असतं तर ते 'हो' त्यांचं झालं असतं, कबूल. मला चाललं असतं हो वन्सं. मी ते जपून वापरलं असतं, रोज अडीच तास. आणि इतक्या वर्षांत ते 'हो' मुळात कुणाचं होतं, हे तुम्ही नाही आणि मीही नाही, कुणीच ओळखू शकलं नसतं.